बेब रूथ: होमरनच्या आधीचा पिचर

1936 साली बेसबॉलच्या हॉल ऑफ फेमसाठी, म्हणजे दिग्गज खेळाडूंच्या सन्मान-दालनासाठी, पहिलं मतदान झालं आणि पाच जण निवडून आले. टाय कॉब, होनस वॅग्नर आणि बेब रूथ हे तिघे बॅटर. ख्रिस्टी मॅथ्यूसन आणि वॉल्टर जॉन्सन हे दोघे पिचर, म्हणजे चेंडू टाकणारे. रूथला बॅटरांच्या रांगेत बसवलेलं पाहून कोणाला आश्चर्य वाटायचं कारण नव्हतं. आदल्याच वर्षी तो निवृत्त झाला होता, नावावर 714 होमरन (आपल्या षटकारासारखे, चेंडू कुंपणापार नेणारे फटके) होते आणि दुसरा कोणी त्याच्या आसपासही फिरकत नव्हता. पण या यादीतल्या दोन्ही पिचरांशी रूथचा एक जुना हिशेब होता. मॅथ्यूसनचा वर्ल्ड सिरीजमधला (मोसमाअखेरच्या अंतिम मालिकेतला) एक मानाचा विक्रम त्याने मोडला होता, तोही चेंडू टाकून. आणि जॉन्सन, ज्याला अनेक जाणकार आजही इतिहासातला सर्वोत्तम पिचर मानतात, त्याच्याविरुद्ध पिचिंग करून रूथने 13 इनिंगचा सामना 1-0 असा काढला होता.

पिचर म्हणून रूथची अख्खी कारकीर्द मोजली तर 94 विजय, 46 पराभव. यातले 89 विजय वयाच्या पंचविशीच्या आतले आहेत. ही कारकीर्द नीट समजली की त्याच्या होमरनचाही उलगडा होतो, कारण माझ्या मते तो पिचर नसता तर तसा बॅटर झालाच नसता.

आपल्याला क्रिकेटची सवय, म्हणून आधी पिचरच्या कामाविषयी. मैदानाच्या मधोमध मातीचा एक बुटका उंचवटा असतो, त्याला माउंड म्हणतात. तिथून बॅटरसमोरच्या होम प्लेटपर्यंत अंतर 60 फूट 6 इंच, म्हणजे क्रिकेटच्या खेळपट्टीहून साडेपाच फुटांनी कमी. पिचरला धावत येता येत नाही. एका जागी उभं राहून, पाय उचलून, अंग फिरवून चेंडू सोडायचा आणि तो टप्पा न घेता थेट बॅटरकडे जायचा. खेळपट्टी मदतीला नाही, त्यामुळे जे काही करायचं ते वेग, हवेतलं वळण आणि नेमकेपणा यांच्या जोरावर. प्लेटच्या रुंदीइतका आणि बॅटरच्या गुडघ्यापासून छातीपर्यंतचा एक अदृश्य चौकोन असतो, तो स्ट्राइक झोन. तिथे टाकलेले तीन चेंडू चुकले की बॅटर बाद, याला स्ट्राइकआउट म्हणतात. चार चेंडू त्या चौकोनाबाहेर गेले आणि बॅटरने त्यांना हातही लावला नाही, तर त्याला पहिला बेस फुकट मिळतो (असे चार बेस धावून पूर्ण केले की एक धाव). याला वॉक म्हणतात आणि पिचरच्या दृष्टीने ती नामुष्की.

सामना नऊ इनिंगचा, दर इनिंगला तीन बाद. क्रिकेटमध्ये षटक संपलं की दुसरा गोलंदाज येतो. इथे मात्र एकच पिचर टाकत राहतो, दमेपर्यंत किंवा मॅनेजर त्याला बाहेर काढेपर्यंत. आजकाल सुरुवातीचा पिचर पाच-सहा इनिंग टाकतो आणि मग ताज्या दमाचे गडी येतात. शंभर वर्षांपूर्वी ज्याने सुरुवात केली त्यानेच नऊच्या नऊ इनिंग टाकाव्यात अशी अपेक्षा असायची. एवढं टाकल्यावर हात तीन-चार दिवस विश्रांती मागतो. म्हणजे संघाचा सगळ्यात चांगला पिचर आठवड्यातून दोनदा मैदानात दिसायचा आणि उरलेले दिवस बाकावर बसून शेंगदाणे खायचा. ही विश्रांतीची गोष्ट ध्यानात ठेवा, रूथचं सगळं भांडण पुढे त्यावरूनच झालं.

पिचरची प्रगती दोन आकड्यांत मोजतात. एक विजय-पराभव: संघ जिंकला की त्या विजयाचं श्रेय एका पिचरच्या नावे लिहितात. ही मोजणी तशी ढोबळ आहे. बॅटरांनी धावाच काढल्या नाहीत तर बिचारा पिचर काय करणार? दुसरा आकडा ईआरए, म्हणजे क्षेत्ररक्षकांच्या चुकांनी गेलेल्या धावा वगळून, पिचरने दर नऊ इनिंगमागे सरासरी किती धावा दिल्या. जितका कमी तितका चांगला. रूथचा कारकिर्दीचा ईआरए 2.28 आहे.

बाल्टिमोरचा पोरगा

जॉर्ज हर्मन रूथ 6 फेब्रुवारी 1895 रोजी बाल्टिमोरमध्ये जन्मला. वडिलांचा दारूचा गुत्ता होता. पोरगा हाताबाहेर गेला म्हणून 1902 साली, सातव्या वर्षी, त्याला सेंट मेरीज इंडस्ट्रियल स्कूलमध्ये टाकलं. कॅथलिक ब्रदर लोकांनी चालवलेली ही संस्था थोडी अनाथाश्रम, थोडी सुधारगृह. तिथे रूथ शर्ट शिवायला शिकला आणि ब्रदर मथायस नावाच्या धिप्पाड माणसाच्या हाताखाली बेसबॉल शिकला.

गंमत म्हणजे तिथे तो पिचर नव्हता, कॅचर होता. म्हणजे आपल्या यष्टिरक्षकासारखा पिचरचा चेंडू अडवणारा. डावखुऱ्यांसाठी वेगळा ग्लोव्ह शाळेत कुठून असणार? उजव्या हाताने फेकणाऱ्यांचा ग्लोव्ह डाव्या हातात घालायचा, चेंडू पकडायचा, ग्लोव्ह काढायचा आणि त्याच डाव्या हाताने चेंडू फेकायचा, अशी त्याची कसरत चाले. पुढे तो सांगायचा की एकदा आपल्याच पिचरची धुलाई चालली असताना तो खदाखदा हसला, तेव्हा ब्रदर मथायस म्हणाले, एवढं सोपं वाटतंय तर तूच टाक. रूथच्या गोष्टींत पदरची भर भरपूर असायची, पण तो त्या शाळेतूनच पिचर होऊन बाहेर पडला हे खरं.

फेब्रुवारी 1914 मध्ये बाल्टिमोर ओरिओल्स या दुय्यम लीगमधल्या संघाचा मालक जॅक डन याने त्याला करारबद्ध केलं. पोरगा अजून शाळेच्या ताब्यात, म्हणून डनला त्याचं पालकत्व घ्यावं लागलं. बाकीचे खेळाडू त्याला डनचं बाळ म्हणू लागले आणि बेब हे नाव चिकटलं. त्याच वर्षी फेडरल लीग नावाची बंडखोर लीग मोठ्या लीगांना टक्कर द्यायला उतरली, तिचा एक संघ बाल्टिमोरमध्येच उभा राहिला आणि ओरिओल्सचे प्रेक्षक तिकडे वळले. पैसे आटले तसा डनने खेळाडू विकायला काढला. जुलैमध्ये रूथ, पिचर अर्नी शोर आणि कॅचर बेन एगन अशा तिघांना बॉस्टन रेड सॉक्सने घेतलं. 11 जुलै 1914 रोजी फेनवे पार्कवर रूथ पहिल्यांदा मोठ्या लीगमध्ये उतरला आणि क्लीव्हलँडविरुद्धचा सामना बॉस्टनने 4-3 असा जिंकला. शाळेच्या फाटकातून बाहेर पडून पाच महिने झाले होते.

1915 मध्ये त्याने 18 सामने जिंकले, 8 हरले. बॉस्टन वर्ल्ड सिरीजमध्ये पोचलं आणि जिंकलंही, पण मॅनेजर बिल कॅरिगनच्या हाताशी इतके चांगले पिचर होते की या वीस वर्षांच्या पोराला त्याने एकदाही चेंडू दिला नाही. एकदा फक्त दुसऱ्याच्या जागी बॅट घेऊन पाठवलं, तेवढंच.

चौदा इनिंगची दुपार

1916 हे पिचर रूथचं सगळ्यात मोठं वर्ष. 23 विजय, 12 पराभव. ईआरए 1.75, अख्ख्या अमेरिकन लीगमध्ये (दोन मोठ्या लीगांपैकी बॉस्टन खेळायचं ती) सर्वांत कमी. नऊ सामन्यांत त्याने प्रतिस्पर्ध्यांना एकही धाव काढू दिली नाही. डावखुऱ्या पिचरने एका मोसमात असे नऊ सामने टाकण्याच्या त्याच्या विक्रमाशी अमेरिकन लीगमध्ये 1978 साली रॉन गिड्रीने बरोबरी केली, मोडला कोणीच नाही. त्या वर्षी त्याने 323 इनिंग टाकल्या आणि त्यात एकही होमरन दिला नाही. पुढे होमरनचा बादशहा होणाऱ्याने वर्षभर कोणाला होमरन मारू दिला नाही, हे वाक्य फारच देखणं आहे. पण प्रामाणिकपणे सांगायचं तर त्याच वर्षी वॉल्टर जॉन्सननेही त्याच्यापेक्षा जास्त इनिंग टाकून एकही होमरन दिला नव्हता. काळच तसा होता, त्याबद्दल पुढे येतंच.

वर्ल्ड सिरीज ब्रुकलिनशी होती. 9 ऑक्टोबरचा दुसरा सामना बॉस्टनच्या ब्रेव्ह्ज फील्डवर झाला. ते मैदान शहरातल्या दुसऱ्या संघाचं, पण फेनवेपेक्षा तिथे माणसं जास्त मावायची म्हणून रेड सॉक्सने मागून घेतलं होतं. पहिल्याच इनिंगमध्ये दोन बाद झाल्यावर ब्रुकलिनच्या हाय मायर्सने मारलेला चेंडू क्षेत्ररक्षकांना चकवून मागे पळाला आणि तो परत येईपर्यंत मायर्स चारही बेस धावून घरी. कुंपण न ओलांडता होमरन. तिसऱ्या इनिंगमध्ये रूथ स्वतः बाद झाला, पण त्याच फटक्यावर बॉस्टनची धाव आली. 1-1.

आणि मग काहीच होईना. नऊ इनिंग संपल्या, बरोबरी. दहावी, अकरावी, बारावी. समोर शेरी स्मिथ, तोही डावखुरा, तोही हटायला तयार नाही. तेराव्या इनिंगनंतर उजेड कमी होऊ लागला. चौदाव्या इनिंगमध्ये बॉस्टनने डेल गेनर या बदली बॅटरला पाठवलं, त्याच्या फटक्यावर धाव आली आणि सामना 2-1 असा सुटला. रूथने सगळ्या चौदा इनिंग एकट्याने टाकल्या होत्या. वर्ल्ड सिरीजच्या एका सामन्यात एका पिचरने इतकं कधी टाकलेलं नाही, आणि आजचे मॅनेजर पिचरचे हात ज्या काळजीने जपतात ते पाहता यापुढेही टाकणार नाही.

आता एक छोटा हिशेब करून ठेवू. मायर्सचा होमरन गेला तेव्हा दोन बाद होते, म्हणजे त्या इनिंगचा एक गडी बाकी होता. एक गडी म्हणजे इनिंगचा तिसरा हिस्सा. तो आणि पुढच्या तेरा इनिंग मिळून रूथने वर्ल्ड सिरीजमध्ये 13⅓ इनिंग एकही धाव न देता काढल्या. हा आकडा दोन वर्षांनी पुन्हा लागेल.

1917 मध्येही तो तसाच होता: 24 विजय, 13 पराभव, ईआरए 2.01, आणि 35 सामने सुरुवातीपासून शेवटपर्यंत एकट्याने टाकलेले, लीगमध्ये सर्वांत जास्त. तीन मोसमांत मिळून 65 विजय.

अर्थात तो साधा सरळ माणूस नव्हता. 23 जून 1917 रोजी वॉशिंग्टनविरुद्ध त्याने पहिल्याच बॅटरला, रे मॉर्गनला, वॉक दिला. चौथा चेंडू झोनच्या बाहेर होता हे रूथला मान्य नव्हतं. अंपायर ब्रिक ओवेन्सशी शब्दाला शब्द वाढला, ओवेन्सने त्याला मैदानाबाहेर काढलं आणि रूथने जाता जाता त्याच्यावर हात उगारून ठोसा दिला. निलंबन झालं, शंभर डॉलर दंड झाला. पण त्या दिवशी पुढे जे घडलं ते भन्नाट होतं. रूथबरोबर बाल्टिमोरहून आलेला अर्नी शोर घाईघाईने माउंडवर आला. मॉर्गन दुसरा बेस चोरायला, म्हणजे फटक्याची वाट न बघता पळून गाठायला निघाला आणि बाद झाला. त्यानंतर शोरने ओळीने 26 बॅटर बाद केले, एकालाही बेसवर पोचू दिलं नाही. हा सामना शोरचा 'परिपूर्ण' सामना म्हणायचा की दोघांचा मिळून, यावर अनेक वर्षं वाद चालला. आता नोंद दोघांच्या नावे आहे. एका वॉकवर आणि एका ठोशावर इतकी कीर्ती फारच थोड्यांना मिळाली असेल.

मेलेल्या चेंडूचा काळ

हे आकडे वाचताना तो काळ माहीत असावा लागतो. 1920 च्या आधीच्या वर्षांना बेसबॉलमध्ये डेड-बॉल युग म्हणतात. एकच चेंडू बराच वेळ वापरत. तो मऊ पडायचा, मातीने आणि तंबाखूच्या पिंकांनी काळा व्हायचा. चेंडूवर थुंकी लावून टाकणं कायदेशीर होतं. अशा चेंडूला कितीही बडवलं तरी तो लांब जायचा नाही, म्हणून बॅटर बॅट आखूड धरत, चेंडू क्षेत्ररक्षकांच्या मधून ढकलत, बेस चोरत आणि एकेक धाव गोळा करत. 1915 मध्ये अमेरिकन लीगमध्ये सर्वाधिक होमरन मारणाऱ्या ब्रॅगो रॉथचे होमरन किती? सात. म्हणून रूथचा 1.75 हा ईआरए आजच्या पिचरशेजारी ठेवून तुलना करण्यात अर्थ नाही. त्याच वर्षीच्या, त्याच लीगच्या पिचरांशी तुलना केली तर मात्र तो पहिला होता, जॉन्सनच्याही पुढे.

आता माझा मुख्य मुद्दा. त्याच 1915 मध्ये रॉथने सात होमरन मारायला पूर्ण मोसम घेतला. पिचर असलेल्या रूथने जेमतेम शंभर वेळा बॅट हातात घेऊन चार मारले. हे कसं? रूथ बॅट अगदी टोकाला धरायचा, मनगटापासून टाचेपर्यंत सगळं अंग त्यात घालायचा आणि चेंडू उंच उडवायचा. त्या काळच्या कुठल्याही जाणत्या मॅनेजरने तरुण बॅटरला ही सवय पहिल्या आठवड्यात मोडायला लावली असती. असं खेळणारा वारंवार स्ट्राइकआउट होतो, आणि संघातल्या आठ बॅटरांकडून ते कोणी खपवून घेत नसे. पण पिचरच्या बॅटिंगकडे लक्ष कोण देतो? त्याची पाळी सगळ्यात शेवटी, नवव्या क्रमांकावर. त्याने काही केलं तर वाहवा, नाही केलं तर अपेक्षा कुठे होती? आमच्या गावाकडे परसात आपोआप उगवलेल्या पपईला कोणी छाटत नाही, ती वाढते ती वाढतेच. रूथच्या बॅटचं तसंच झालं. चार वर्षं त्याला कोणी शिकवलं नाही, आणि तोवर ती सवय इतकी पक्की झाली की बदलायची सोय राहिली नाही. 1917 मध्ये, पिचर म्हणून 24 सामने जिंकतानाच, त्याची बॅटिंगची सरासरी (दर पाळीमागे बेसवर पोचवणारे यशस्वी फटके, म्हणजे हिट) .325 होती. ती सरासरी नावाजलेल्या बॅटरांनाही शोभली असती.

दोन नोकऱ्या

1918 मध्ये अमेरिका महायुद्धात होती. रेड सॉक्सचे बरेच खेळाडू सैन्यात गेले, संघात माणसं कमी पडली. नवा मॅनेजर एड बॅरो. संघातला अनुभवी खेळाडू हॅरी हूपर त्याच्यामागे लागला की रूथला रोज खेळवा, लोक त्यालाच बघायला येतात. बॅरो बधेना. लीगमधल्या सर्वोत्तम डावखुऱ्या पिचरला कुंपणाजवळ उभं केलं तर लोक मला हसतील, असं त्याचं म्हणणं. पण 6 मे रोजी पहिल्या बेसवरचा डिक हॉब्लिट्झेल दुखापतीमुळे खेळू शकत नव्हता, म्हणून न्यूयॉर्कमध्ये रूथला त्याच्या जागी उभं केलं. पिचर सोडून दुसऱ्या जागी खेळण्याची ही त्याची पहिली वेळ. त्याने होमरन मारला. दुसऱ्या दिवशी वॉशिंग्टनमध्ये आणखी एक, खुद्द वॉल्टर जॉन्सनच्या चेंडूवर. मग बॅरोच्या हातात काही उरलं नाही.

रूथला रोज बॅट घ्यायला मिळू लागली तशी त्याची माउंडवर जायची इच्छाच संपली. मनगट दुखतंय, अशा सबबी सुरू झाल्या. जुलैच्या सुरुवातीला बॅरोशी कडाक्याचं भांडण करून तो संघ सोडून चालता झाला आणि पेनसिल्व्हेनियातल्या चेस्टरच्या जहाजबांधणी कारखान्याच्या संघाकडून खेळण्याची धमकी दिली. ही धमकी पोकळ नव्हती. युद्धाच्या कामात असलेल्या कारखान्यात नाव लागलं की सक्तीच्या भरतीची भीती नसे, आणि बरेच खेळाडू तिकडे जात होते. शेवटी समेट झाला, रूथ परतला, आणि मोसमाच्या उरलेल्या आठवड्यांत त्याने दोन्ही कामं केली. 'काम करा नाहीतर लढा' या सरकारी फर्मानामुळे मोसम सप्टेंबरच्या सुरुवातीलाच गुंडाळला गेला. रूथचे आकडे: पिचर म्हणून 166⅓ इनिंग, 13 विजय, 7 पराभव, ईआरए 2.22; बॅटर म्हणून 11 होमरन, लीगमध्ये टिली वॉकरबरोबर संयुक्त पहिला.

मग वर्ल्ड सिरीज, शिकागो कब्जशी. पहिला सामना रूथने 1-0 असा जिंकला, समोर हिप्पो वॉनसारखा नामांकित पिचर असताना. म्हणजे आणखी नऊ इनिंग, शून्य धावा. चौथ्या सामन्याच्या आधी आगगाडीत कोणाशी तरी मस्ती करताना त्याने डाव्या हाताचं बोट सुजवून घेतलं. तशाच आयोडिन लावलेल्या बोटाने तो उतरला. चौथ्या इनिंगमध्ये त्याने स्वतःच दोन धावा आणणारा तीन बेसचा फटका मारला आणि आठव्या इनिंगपर्यंत कब्जला धाव दिली नाही. आठव्यात एक बाद झाल्यावर पहिली धाव गेली. आता तो जुना हिशेब काढा: 1916 च्या 13⅓, इथल्या पहिल्या सामन्याच्या 9 आणि चौथ्या सामन्याच्या 7⅓. एकूण 29⅔ इनिंग, वर्ल्ड सिरीजमध्ये सलग, एकही धाव नाही. मॅथ्यूसनचा विक्रम 28 इनिंगचा होता. रूथचा हा विक्रम 1961 पर्यंत टिकला, मग न्यूयॉर्क यांकीजच्या व्हायटी फोर्डने तो मोडला. योगायोग असा की त्याच 1961 मध्ये रॉजर मॅरिसने रूथचा एका मोसमातला 60 होमरनचा विक्रमही मोडला.

तो चौथा सामना बॉस्टनने 3-2 असा जिंकला. नवव्या इनिंगमध्ये रूथ ढिला पडला, दोन बॅटर बेसवर गेले, बॅरोने पिचर बदलला आणि रूथला डाव्या बाजूला कुंपणाकडे क्षेत्ररक्षणाला पाठवलं. वर्ल्ड सिरीजमध्ये त्याने त्यानंतर कधी चेंडू टाकला नाही. तिथला त्याचा हिशेब: तीन सामने, तीन विजय, ईआरए 0.87.

थांबला नसता तर?

हा प्रश्न बेसबॉलवेडे लोक शंभर वर्षं चघळतायत. बहुतेकांचं म्हणणं, तो इतिहासातला सर्वोत्तम डावखुरा पिचर झाला असता. मला ते पटत नाही, आणि कारण त्याच्या आकड्यांतच आहे. 1916 मध्ये त्याने 170 बॅटर स्ट्राइकआउट केले. 1917 मध्ये जवळपास तितक्याच इनिंग टाकून 128. 1918 मध्ये 166 इनिंगमध्ये फक्त 40. 1919 मध्ये 133 इनिंगमध्ये 30 स्ट्राइकआउट आणि 58 वॉक. बॅटरला चेंडू चुकवायला लावण्याची ताकद चोविसाव्या वर्षीच ओसरत चालली होती. तरी ईआरए खाली राहिला, कारण चेंडू मेलेला होता आणि मागे एव्हरेट स्कॉट, हूपर यांच्यासारखे क्षेत्ररक्षक उभे होते. आता यात रोज मैदानात धावपळ करून आलेला थकवा किती आणि सरावाचा अभाव किती, हे वेगळं काढता येत नाही. पण 1920 पासून काही जुने पिचर सोडता थुंकी लावणं बंद झालं, आणि त्या ऑगस्टमध्ये डोक्याला चेंडू लागून रे चॅपमन दगावल्यावर पांढरेशुभ्र नवे चेंडू सतत वापरात येऊ लागले. त्या काळात 30 स्ट्राइकआउट आणि 58 वॉकवाला पिचर मार खाल्ल्याशिवाय राहिला नसता. चांगला पिचर राहिला असता, हो. जॉन्सनच्या पंक्तीत बसला नसता.

रूथला स्वतःलाही ओझं कळत होतं. आपल्या पाळीला पिचिंग करायचं आणि मधल्या दिवसांत दुसऱ्या जागी खेळायचं, हे वर्षानुवर्षं झेपणारं नाही असं त्याने 1918 मध्येच बोलून दाखवलं होतं. 1919 मध्ये त्याने 29 होमरन मारले. 1884 पासूनचा नेड विल्यमसनचा 27 चा विक्रम मोडला, आणि पिचिंग फक्त 17 सामन्यांत केलं. त्याच वर्षअखेर मालक हॅरी फ्रेझीने त्याला एक लाख डॉलरला न्यूयॉर्क यांकीजला विकलं, शिवाय तीन लाखांचं कर्जही उचललं. यांकीजने पिचर विकत घेतला नव्हता. 1920 मध्ये त्याने 54 होमरन मारले आणि चर्चा तिथेच संपली.

रूथनंतर हे कोणी केलंच नाही, असं शंभर वर्षं छापून येत राहिलं. त्यात एक मोठी गफलत आहे. काळ्या खेळाडूंना मोठ्या लीगमध्ये बंदी होती, पण त्यांच्या निग्रो लीगमध्ये कॅन्सस सिटी मोनार्क्सचा बुलेट रोगन 1920 च्या दशकात सातत्याने पिचर आणि बॅटर अशी दोन्ही कामं अव्वल दर्जाची करत होता. रूथने हे मनापासून केलं ते जेमतेम दोन मोसम. 2022 मध्ये जपानच्या शोहेई ओहतानीने एका मोसमात 10 विजय आणि 10 होमरन ही जोडी पूर्ण केली तेव्हा 1918 च्या रूथनंतर पहिलाच, असा गाजावाजा झाला. निग्रो लीगच्या नोंदी धरल्या तर 1922 मध्ये रोगन आणि 1927 मध्ये एड राइल यांनी ते केलेलं होतं. ओहतानीने त्या मोसमात 166 इनिंग टाकल्या, म्हणजे रूथच्या 1918 इतक्याच. पण 15 विजय, 34 होमरन आणि 219 स्ट्राइकआउट पाहता पिचर म्हणून तो त्या रूथहून कितीतरी जास्त धारदार होता. आणि त्याला क्षेत्ररक्षण करावं लागत नाही, पिचिंग नसलेल्या दिवशी तो फक्त बॅट घेऊन येतो. तरीही 2018 आणि 2023 मध्ये त्याच्या कोपरावर शस्त्रक्रिया करावी लागली.

यांकीजकडून पंधरा वर्षांत रूथने पाचच सामन्यांत चेंडू टाकला आणि पाचही विजय त्याच्या नावे लागले. 1920 मध्ये एक, 1921 मध्ये दोन. 1921 च्या एका सामन्यात तर त्याने डेट्रॉइटच्या टाय कॉबला स्ट्राइकआउट केलं आणि वर दोन होमरन मारले. उरलेले दोन सामने निव्वळ तिकिटं खपवण्यासाठी होते. मोसमाचा शेवटचा दिवस, निकालाला काही अर्थ नाही, कोण येणार बघायला? मग रूथ पिचिंग करणार अशी हाळी द्यायची. बॅट बघायला गर्दी होते म्हणून ज्याला माउंडवरून उतरवलं, त्यालाच गर्दीसाठी पुन्हा माउंडवर चढवलं. 1930 मध्ये त्याने बॉस्टनला 9-3 असं हरवलं. 1 ऑक्टोबर 1933 रोजी, 38 व्या वर्षी, पुन्हा बॉस्टनविरुद्ध तो उतरला, सगळ्या नऊ इनिंग टाकल्या, 12 हिट दिले, मधेच एक होमरन मारला आणि सामना 6-5 असा काढला.